भास, भ्रम आणि 'भायरचा'

वेंगुर्ले: शेजारच्या मुलाला छिन्नमनस्कता (स्किझोफ्रेनिया) असल्याचं निदान झालंय. त्याच्या आईशी बोलताना मी 'भास' आणि 'भ्रम' एकाच अर्थाने वापरत होतो. फरक आहे का? आमच्याकडे तर सगळ्यालाच 'भायरचा झाला', म्हणजे बाहेरची बाधा झाली, म्हणतात.

देवगड: फरक आहे. भास इंद्रियांचा: कोणी नसताना आवाज ऐकू येतो, वास येतो. या आजारात आवाजच जास्त. भ्रम समजुतीचा: 'शेजारी माझ्या जेवणात काहीतरी घालतात.' कितीही पुरावा दाखवा, ती समजूत हलत नाही. अंधारात सुंभ बघून साप वाटला तर ते तिसरंच, कारण तिथे सुंभ तरी असतो. परिभाषेत भासाला 'निर्वस्तुभ्रम' म्हणतात. अचूक शब्द, पण घरात कोणी बोलणार नाही.

मला 'भास' हा शब्दच खुपतो. 'मला भास झाला' आपण कधी म्हणतो? हाक ऐकू आली, दार उघडलं, कोणी नव्हतं, तेव्हा. म्हणजे ते खोटं होतं हे आपल्याला आधीच पटलेलं असतं. आजारी माणसाला नेमकं तेच पटत नाही. माझे मामा पडवीत जाळं शिवत बसायचे. मध्येच सुई थांबायची, मान डावीकडे वळायची आणि ते हलक्या आवाजात कोणाला तरी उत्तर द्यायचे. आवाज दबावेत म्हणून रेडिओ मोठ्याने लावायचे. दवाखान्यात मामी म्हणाली, "यांका भास होतत." मामा उसळले, "माका भास बिस काय होणत नाय. ते बोलतत." डॉक्टरांनी तो शब्द तिथेच सोडला आणि विचारलं, "काय बोलतात? किती जण असतात?" तेव्हा कुठे मामा बोलायला लागले. म्हणून त्या मुलाला 'आवाज ऐकू येतात का?' असंच विचारा. वाद नको, होला होही नको. 'मला ऐकू येत नाही, पण तुला त्रास होतोय हे दिसतंय' एवढं पुरतं.

रत्नागिरी: 'छिन्नमनस्कता' हे स्विस मनोविकारतज्ज्ञ ब्लॉयलर यांनी १९०८ मध्ये दिलेल्या 'स्किझोफ्रेनिया' या ग्रीक नावाचं भाषांतर. त्यावरून लोकांना एका देहात दोन माणसं वाटतात. तो विकार वेगळा. जपानने २००२ मध्ये 'दुभंगलेलं मन' अशा अर्थाचं जुनं नाव बदललं, आपण अजून तेच धरून आहोत. 'भायरचा' या शब्दाचा एक गुण मान्य करते, तो माणसाला दोष देत नाही. देवाला गाऱ्हाणं जरूर घाला, पण औषध त्यासाठी थांबवू नका. उशीर होईल तितकं सावरणं कठीण जातं. इथे रत्नागिरीत प्रादेशिक मनोरुग्णालय आहे, आणि फोनवर बोलायचं तर टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६.

वेंगुर्ले: आभारी आहे. मामा आता कसे आहेत?

देवगड: गोळ्या चालू आहेत, जाळंही. गेल्या गणपतीत आरतीनंतर आपणहून म्हणाले, "तेव्हा माका भास होय होते."