मदत हवी आहे: देवळाचा वाद दिवाणी कोर्टात की धर्मादाय आयुक्तांकडे?

ओटीवरचा
हवेली तालुक्यातलं नोंदणीकृत देवस्थान, पाच विश्वस्त. भांडणं तीन. पुजारी घराण्याच्या दोन शाखांत पूजेच्या पाळीवरून वाद आहे, आणि त्यातली एक शाखा आता म्हणते की देऊळ खाजगीच, आमच्या घरचा देव. देवाच्या जमिनीत शेजाऱ्याने कुंपण सरकवलंय. नव्या विश्वस्तांची नावं नोंदवण्यासाठी धर्मादाय कार्यालयात दिलेला बदल अर्ज अजून पडून आहे. एक मत असं की सगळं एकाच दाव्यात घालून पुण्यात शिवाजीनगरच्या जिल्हा न्यायालयात जावं. दुसरं असं की विश्वस्त कायद्याच्या कलम ८० मुळे देवळाच्या बाबतीत दिवाणी कोर्टाला हातच लावता येत नाही. बरोबर कोण?

वकीलपत्र
कोणीच नाही. वाद देवळाचा आहे का, हे कोर्ट बघत नाही. दाव्यात मागितलंय काय, ते बघतं.

महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, १९५० चं कलम ८० लोक अर्धंच वाचतात. प्रश्न त्या कायद्याखालच्या अधिकाऱ्याने ठरवायचा असला पाहिजे *आणि* त्याचा निर्णय कायद्याने अंतिम केलेला असला पाहिजे. दोन्ही जुळलं तरच कोर्टाचं दार बंद.

"देऊळ खाजगी" हा मुद्दा त्यात नेमका बसतो. विश्वस्त व्यवस्था आहे का, सार्वजनिक आहे का, अमुक मिळकत तिची आहे का, हे कलम ७९ प्रमाणे उप किंवा सहायक धर्मादाय आयुक्त ठरवतात. त्यावर कलम ७० खाली अपील, मग ६० दिवसांत कलम ७२ खाली जिल्हा न्यायालय. म्हणजे शिवाजीनगरला जाता येतं, पण जिना चढून. कसोटी सर्वोच्च न्यायालयाने १९५६ मध्ये देवकीनंदन खटल्यात घालून दिली: लाभ ठराविक माणसांचा की सर्वसाधारण भक्तांचा? नुसतं घराणं पूजा करतं म्हणून देऊळ घरचं होत नाही.

पाळीचं वेगळं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९ च्या स्पष्टीकरणात लिहिलंय की पदाचा किंवा मिळकतीचा हक्क वादात असेल तर तो दावा दिवाणी स्वरूपाचाच, मग निकाल विधींवर अवलंबून का असेना. पूजेची पाळी आणि तिचं उत्पन्न हा हक्क आहे. पालखीपुढे पहिला नारळ कुणी फोडायचा, हा नुसता मान. तो पदाला जोडलेला नसेल तर दावा टिकत नाही.

तीन_प्रती
पाळीच्या दाव्यात देवस्थानाविरुद्ध काही मागू नका, त्याला औपचारिक प्रतिवादी ठेवा. देवस्थानाविरुद्ध हक्क जाहीर करून किंवा मनाई मागितलीत की "विश्वस्त कायद्याच्या कलम ५०–५१ खाली आयुक्तांची लेखी संमती कुठाय?" हा अर्ज पहिल्याच तारखेला येतो. पाळीची वही मूळ हवी, झेरॉक्स नको. पान सैल झालं असेल तर चिकटवत बसू नका, आहे तशी दाखल करा. उलटतपासणीत सगळ्यात आधी त्या डिंकावर बोट जातं.

कुंपणासाठी आधी भूमी अभिलेखकडून मोजणी आणि 'क' प्रत, म्हणजे मोजणीचा नकाशा. सरकलेल्या जागेचं क्षेत्र दाव्यात लिहिलं नाही तर हुकूमनामा मिळूनही अंमलबजावणीत हात चोळत बसावं लागतं. विश्वस्तांनी तिऱ्हाइताकडून ताबा मागायला आयुक्तांची संमती लागत नाही. भक्तांनी विश्वस्तभंगाचा दावा लावायचा तर लागते, आणि तिथे किमान दोन हितसंबंधी व्यक्ती हव्यात. कुंपण किती जुनं ते पाहा. १२ वर्षं उलटली की प्रतिकूल कब्जाचा, म्हणजे इतकी वर्षं उघड ताबा आहे म्हणून जागा आमचीच, असा बचाव येणारच.

सात-बारावर पुजाऱ्याचं नाव आहे का? असलं तरी घाबरू नका. मध्य प्रदेशच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये सांगितलंय की मालक देव, पुजारी फक्त व्यवस्था पाहणारा.

ओटीवरचा
बदल अर्ज लटकलेला असताना ताब्याचा दावा लावायचा कोणी?

वकीलपत्र
धर्मादाय कार्यालयातून परिशिष्ट एकचा, म्हणजे विश्वस्तांची नावं असलेल्या नोंदवहीचा, ताजा प्रमाणित उतारा काढा. त्यावर ज्यांची नावं ते वादी. सही न देणाऱ्याला प्रतिवादी करा, पण वगळू नका. नव्यांची निवड वैध की नाही हे बदल अर्जावरच्या कलम २२ च्या चौकशीत ठरू द्या. तो मुद्दा दाव्यात घुसवलात तर शेजाऱ्याला आयता बचाव मिळेल. बदल अर्ज ९० दिवसांत दिला होता ना? नसेल तर विलंबमाफीचा अर्ज आत्ताच जोडा. सगळेच विश्वस्त हात वर करत असतील तर भक्त देवाच्या वतीने दावा लावू शकतो, १९६७ पासून तसा निकाल आहे.

तीन_प्रती
आणि "एकाच दाव्यात सगळं" तर नकोच. खाजगी देवळाचा एक परिच्छेद आत गेला की दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ७ नियम ११ चा, म्हणजे दावा सुरुवातीलाच फेटाळा असा, अर्ज येतो आणि कुंपणाची मनाईही त्याच्यामागे अडकते. पाळी आणि कुंपण दोन वेगळे दावे. खाजगीपणाचं ज्याला म्हणायचंय त्याने ढोले पाटील रोडला, धर्मादाय कार्यालयात जावं.