फोन मेलाय, पीसीला लावला की नुसता टुंग वाजतोय, ड्रायव्हर कुठला टाकू?

हळदीचा_गडी (सांगली):
मंडळी, डेस्कटॉपवरनं फोनला रॉम (फोनची अख्खी सिस्टीम) टाकत होतो आणि मधेच विश्रामबागेत लाईट गेली, तेव्हापासनं स्क्रीन काळी, व्हायब्रेट पण नाही, चार्जिंगचं चिन्ह पण नाही. पीसीला लावला की टुंग वाजतो आणि डिव्हाइस मॅनेजरमध्ये पिवळ्या त्रिकोणासोबत 'क्यूएचएसयूएसबी बल्क' दिसतं. दुकानदार म्हणतो बोर्ड गेलाय. खरंच गेला का?

मिरजवाला:
टुंग वाजतोय म्हणजे जीव हाय अजून. क्वालकॉमची चिप ईडीएल मोडमधी (इमर्जन्सी डाउनलोड, म्हणजे मेलेल्या फोनमधी पीसीवरनं सिस्टीम परत भरायचा मोड) अडकलीय, विंडोजकडं तिचा ड्रायव्हर नाही एवढंच. क्वालकॉमचा यूएसबी ड्रायव्हर टाक, मग पोर्ट्सखाली 'क्यूडीलोडर ९००८' दिसंल. ड्रायव्हरवर डिजिटल सही नाही म्हणून विंडोज तो घेईना तर शिफ्ट दाबून रिस्टार्ट मार, ट्रबलशूटमधनं स्टार्टअप सेटिंग्ज, परत रिस्टार्ट आणि ७ दाब, म्हणजे सहीची तपासणी बंद हुईल.

कृष्णाकाठ:
आणि भावा, केबल बघ आधी! नुसत्या चार्जिंगच्या केबलनं माझे दोन दिवस गेलेत. फर्मवेअर (फोनमधी भरायची सिस्टीमची फाइल) तुझ्याच मॉडेलचं घे, शेजारच्या मॉडेलचं चालतंय म्हणून टाकू नको. फोटो बहुतेक जातील, मनाची तयारी ठेव. काही फोन कंपनीच्या अधिकृत अकाउंटशिवाय या मोडमधी फ्लॅशच होत नाहीत (म्हणजे सिस्टीम भरताच येत नाही), तसं निघालं तर सर्व्हिस सेंटर.

हळदीचा_गडी:
९००८ आलं!! केबल बदलली, पुढचा पोर्ट सोडून सीपीयूच्या मागच्या पोर्टला लावली. आता फ्लॅश लावतो, पण आधी शेजाऱ्यांचा इन्व्हर्टर मागून आणतो.