कैफियत वाचून दावा नामंजूर होत नाही
कैफियतीत, म्हणजे प्रतिवादीच्या लेखी उत्तरात, दावा मुदतीबाहेर असल्याचा मुद्दा घेतला की दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 7 नियम 11 खाली (सुरुवातीलाच दावा नामंजूर करण्याची तरतूद) दावा तिथेच संपतो, असं काहीजण म्हणतात. तसं नाही. या टप्प्यावर कोर्ट फक्त वादपत्र (वादीने दाव्यासाठी दिलेलं लेखी निवेदन) आणि त्यासोबतचे कागद वाचतं. प्रतिवादीचा बचाव कितीही भक्कम असो, तो बघायचाच नसतो. सुरतच्या एका जमिनीत पूर्ण पैसे मिळाले नाहीत म्हणून 2009 चं खरेदीखत रद्द करून मागणारा दावा 2014 मध्ये लावला होता. तीन वर्षांची मुदत उलटल्याचं वादपत्रावरूनच दिसत होतं, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये नामंजुरी कायम केली. कोर्ट फी कमी पडली असेल तर मात्र आधी ती भरायला वेळ द्यावा लागतो, हे पक्षकाराला कुणीतरी सांगायला हवं! नामंजुरीचा आदेश हुकूमनामाच (डिक्री, म्हणजे दाव्याचा औपचारिक निकाल) धरतात, त्यामुळे त्यावर अपील होतं.