रेडहॉर्स म्हणजे लाल घोडा? आणि सकरला मराठीत काय?

खारूताई:
मुलांच्या एका मासिकासाठी अमेरिकेतल्या नद्यांवरचा लेख मराठीत करतेय. त्यात रोबस्ट रेडहॉर्स नावाचा मासा आलाय. मशीनने त्याचं 'मजबूत लाल घोडा' केलं, त्यावर घरात सगळे हसून झाले, पण माझं घोडं अडलंय पुढच्या वाक्यावर, 'हा एक सकर आहे'. चोषक मासा लिहू का चूषक? शोषक नकोच, सावकार वाटतो. कोणाला नेमका शब्द माहितीये का?

पाटाचंपाणी:
सकर म्हणजे तो अ‍ॅक्वेरियमवाले देतात तोच ना, काळा, ठिपक्याठिपक्यांचा, दिवसभर काचेला तोंड चिकटवून बसलेला? आमच्याकडे होता, बाकीचे सगळे मेले, हा पठ्ठ्या चार वर्षं जगला. चोषक चालेल की.

मिसुरीकर:
पाटाचंपाणी, तिथेच तर गल्लत होते. तो काचेवाला दक्षिण अमेरिकेतला कॅटफिश, त्याचं-याचं काही नातं नाही. रेडहॉर्सवाले सकर म्हणजे साधारण आपल्या रोहू-मृगळच्या चुलत घराण्यातले, तसेच खवले, आणि तोंड मृगळसारखं खाली वळलेलं, ओठ मात्र चांगले जाडजूड. हे कशाला चिकटत बिकटत नाहीत. मी इथे अमेरिकेत मिसुरीतल्या ओझार्कच्या डोंगराळ भागात बारा वर्षं राहतोय, नद्यांचं पाणी इतकं नितळ की पुलावरून खाली बघितलं की दिसतात, तळातल्या गोट्यांवरून सरकत सरकत तोंडाने वाळू आत ओढायची, त्यातले किडे, अळ्या, बारीक शिंपले आत ठेवायचे आणि बाकीचा कचरा बाहेर टाकायचा, दिवसभर हेच. म्हणून चोषक वाचलं की मुलांच्या डोळ्यासमोर जळूसारखं काहीतरी येणार आणि ते चूक आहे.

उगाचच:
मग सरळ अधोमुख म्हणा. या कुळाचं शास्त्रीय नाव कॅटोस्टोमिडी, ग्रीकमध्ये काटा म्हणजे खाली आणि स्टोमा म्हणजे तोंड. शब्दाला शब्द बसतो.

खारूताई:
उगाचच, शब्द झकास आहे पण मराठीत अधोमुख म्हटलं की मान खाली घालून उभा असलेला माणूस दिसतो हो. माशाने काय चोरी केलीये?

गोधडी:
मला वाटतं आधी क्रियापद ठरवा, नाम मागून येईल. इंग्रजीत एका 'सक'मध्ये सगळं कोंबलंय, आपल्याकडे प्रत्येकाला वेगळा शब्द आहे. वासरू लुचतं. आंबा आणि नळी आपण चोखतो. जमीन पाणी शोषते, जळू रक्त शोषते. मिसुरीकर सांगतायत ते यातलं काहीच नाही, तो मासा पाण्यासकट वाळू आत ओढतो म्हणजे आमटी ओढतो तशी, तर तो भुरका झाला! मासा भुरके मारतो.

मिसुरीकर:
भुरका! अगदी तस्संच. नुसती भर एवढीच की भुरका मारून झाल्यावर तो चाळतो पण. घशात दातांची एक रांग असते, तोंडात एकही दात नाही. तुमचा रोबस्ट रेडहॉर्स तर त्या घशातल्या दाढांनी शिंपले फोडून खातो.

खारूताई:
भुरक्या मासा 😄 संपादक मला हाकलतील. पण वाक्यात भुरका घालणारच. बरं, घोड्याचं काय? लाल का आणि घोडा का?

मिसुरीकर:
लाल शेपटीवरून, पण तेही सगळ्यांना लागू नाही, गोल्डन रेडहॉर्स आणि सिल्व्हर रेडहॉर्स यांची शेपटी राखाडी असते, तरी नाव रेडहॉर्सच. घोड्याबद्दल लोक म्हणतात डोकं लांबुळकं, बिनखवल्याचं, म्हणून. आता नावं ठेवणारे कोळी-शेतकरी, त्यांना कोण विचारणार. आणि बाजारात हाच मासा 'मलेट' म्हणूनही विकला जातो बरं का, ज्याचा समुद्रातल्या मलेटशी, म्हणजे आपल्या बोयशी काही संबंध नाही.

माँट्रियलची मावशी:
मी भर घालते. इकडे क्वेबेकमध्ये रिशलिय नदीत एक रेडहॉर्स आहे, तांब्याच्या रंगाचा, जगात फक्त क्वेबेकमध्येच मिळतो आणि फार थोडे उरलेत. त्याला फ्रेंचमध्ये पूर्वी म्हणायचे 'स्युसर क्विव्रे', म्हणजे तांबूस चोखणारा, आता म्हणतात 'शव्हालिए क्विव्रे'. शव्हालिए म्हणजे घोडेस्वार सरदार! इंग्रजांच्या घोड्यावर फ्रेंचांनी स्वार बसवला बघा. आणि साध्या पांढऱ्या सकरला ते 'मनिए' म्हणतात, म्हणजे गिरणीवाला. तर खारूताई, भाषांतर करणाऱ्यांनी नाव जसंच्या तसं उचललं पाहिजे असं काही नाही. मला तरी वाटतं चोखणारा जाऊन सरदार आला तेव्हा लोकांना त्या माशाबद्दल जरा आपुलकी वाटली असेल, मासा वाचवा म्हणून पैसे मागताना 'चोखणाऱ्याला वाचवा' कसं म्हणणार?

गोधडी:
तांबूस सरदार, वा! म्हणजे नाव बदललं की पत बदलते.

उगाचच:
आणि सकरचा दुसरा अर्थ, सहज फसणारा माणूस? तो माशावरूनच आला का?

मिसुरीकर:
ते नक्की सांगत नाही, पण इलिनॉय राज्याचं टोपणनावच 'सकर स्टेट' होतं. त्याची एक गोष्ट सांगतात की दक्षिणेकडून माणसं वसंतात मिसिसिपीतून वर गलीनाच्या शिशाच्या खाणींवर कामाला जायची आणि थंडी पडली की खाली घरी परतायची, सकर मासे पण वसंतातच अंडी घालायला नदीत वर चढतात, म्हणून. फसणारा म्हणाल तर आपला 'बकरा' आहेच, तिथे मासा आणायची गरज नाही.

पाटाचंपाणी:
खातात का पण? मूळ मुद्दा राहिला.

मिसुरीकर:
खातात म्हणजे! माझ्या गावापासून तासाभरावर निक्सा म्हणून गाव आहे, तिथे 1957 पासून सकर डे भरतो, मे महिन्यात. काटे पाला माशासारखे बारीक आणि असंख्य, म्हणून तुकड्यांना आडवे जवळजवळ चिरे देतात आणि कडकडीत तेलात तळतात, मग काटे दाताखाली जाणवतच नाहीत. हिवाळ्यात रात्री बोटीला दिवे लावून लांब दांड्याच्या काटेरी भाल्यानेही मारतात. मी पहिल्यांदा गेलो तेव्हा पेपर प्लेटवर मासा आणि व्हाइट ब्रेड, मी खिशातून तिखटाची पुडी काढली तर शेजारचा म्हातारा म्हणाला मलाही दे.

माँट्रियलची मावशी:
आणि नेवाडात पिरॅमिड लेकला एक सकर आहे, 'क्वी-वी'. तिथल्या पायूट लोकांचं स्वतःचं नावच 'क्वी-वी खाणारे' असं आहे. त्यांनी त्या माशाला कोणाच्या तोंडावरून नाव ठेवलेलं नाही. इंग्रजीतसुद्धा लोक आता क्वी-वीच म्हणतात, भाषांतर कोणी केलं नाही.

गोधडी:
मग उत्तर मिळालं की. नाव रेडहॉर्सच ठेवा, कूळ सांगताना सकर ठेवा आणि एका वाक्यात भुरका मारा. बोंबील, सुरमईचं कोणी इंग्रजीत भाषांतर करत बसतं का?

खारूताई:
पटलं. असं लिहिलंय बघा: "रेडहॉर्स हा सकर कुळातला नदीतला मासा. तोंड खालच्या बाजूला, ओठ जाड. तळाशी भुरके मारत वाळू तोंडात घेतो, खायचं ते ठेवतो, बाकीचं टाकून देतो. यातल्या रोबस्ट रेडहॉर्सचं वर्णन कोप नावाच्या शास्त्रज्ञाने 1870 मध्ये नॉर्थ कॅरोलायनातल्या याडकिन नदीवरून केलं, पण पुढे हे नाव भलत्याच माशाला चिकटलं आणि खरा मासा विसरला गेला. 1991 मध्ये जॉर्जियातल्या ओकोनी नदीत अडीच फुटी मासे हाती लागले तेव्हा कळलं, हाच तो." चालेल?

उगाचच:
'चिकटलं' बदला, नाहीतर परत काचेवाला सकर आठवेल.

खारूताई:
😂 'लागलं' करते. आणि पुढच्या पानावर हॉग सकर आलाय, म्हणे थुंकीने दगड उलटतो आणि मागून बाकीचे मासे उरलंसुरलं खायला येतात. थुंकीने नाही हो, मशीनच ते, थोबाडाने. डुक्कर लिहू का, कोणी जागं आहे?