समुद्रातील प्लॅस्टिक जिवाणूंच्या भरवशावर सोडता येईल का?

सागरगोटा :

मार्च २०१६ मध्ये जपानी संशोधकांनी 'इडिओनेला साकाएन्सिस' या जिवाणूची माहिती प्रसिद्ध केली, आणि तेव्हापासून "आता प्लॅस्टिक खाणारे जिवाणू समुद्र स्वच्छ करतील" हे वाक्य शाळेतल्या प्रकल्पांपासून नेत्यांच्या भाषणांपर्यंत सगळीकडे ऐकू येते. हा विश्वास चुकीचाच नव्हे, तर घातक आहे असे माझे मत आहे, आणि त्याची कारणे येथे मांडतो.

हा जिवाणू समुद्रात सापडला नव्हता. ओसाकाजवळच्या साकाई शहरात पाण्याच्या बाटल्यांवर पुनर्प्रक्रिया करणारा कारखाना आहे, त्याच्या परिसरातल्या गाळात तो मिळाला. बाटल्यांच्या पीईटी प्लॅस्टिकवर तो दोन विकरांच्या (एन्झाइम, म्हणजे रासायनिक क्रिया घडवणारी प्रथिने) साहाय्याने जगतो : पहिले विकर लांब साखळी तोडते आणि दुसरे त्या तुकड्यांपासून टेरेफ्थॅलिक आम्ल व एथिलीन ग्लायकॉल वेगळे करते. ३० अंश सेल्सिअसला त्याने पातळ फिल्म सुमारे सहा आठवड्यांत संपवली खरी. पण ती फिल्म मुद्दाम मऊ, जवळजवळ स्फटिकरहित निवडलेली होती. प्रत्यक्ष बाटलीतले पीईटी कितीतरी अधिक घट्ट रचनेचे असते आणि त्यावर हे विकर फार मंद चालते.

दुसरी गोष्ट याहून महत्त्वाची आहे. पीईटी समुद्राच्या पाण्यापेक्षा जड असते, म्हणून पाणी भरलेली बाटली तळाशी जाते. लाटांवर तरंगताना दिसतात त्या पिशव्या, झाकणे, दोर आणि जाळ्यांचे तुकडे बहुतांशी पॉलिएथिलीन व पॉलिप्रोपिलीनचे असतात. पीईटीच्या साखळीत पाण्याच्या मदतीने तोडता येणारे एस्टर बंध असतात, तर पॉलिएथिलीनचा कणा कार्बनला कार्बन जोडून बनलेला असतो आणि त्यात विकराला सहज पकडता येईल असा सांधाच नसतो. एका प्लॅस्टिकवर चाललेली युक्ती दुसऱ्यावर चालेल असे मानण्यास कोणताही आधार नाही.

विकरांचे खरे यश बंद टाकीत आहे. २०२० मध्ये फ्रान्समधील संशोधकांनी सुधारित विकर वापरून, आधी बारीक दळून तयार केलेले पीईटी ७२ अंशांना दहा तासांत ९० टक्के विघटित करून दाखवले, आणि त्यातून मिळालेल्या घटकांपासून पुन्हा बाटल्या बनवल्या. समुद्र ७२ अंशांचा नसतो आणि तिथे कोणी प्लॅस्टिक दळूनही देत नाही. म्हणून माझा आग्रह असा आहे की, जिवाणूंना कारखान्यात काम द्यावे आणि समुद्रासाठीचा पैसा नाल्यांच्या मुखांवर, कचरा वेगळा करण्यावर आणि कचरावेचकांच्या मजुरीवर खर्च व्हावा.

तिवर :

सागरगोटा, आपल्या मांडणीतील रसायनशास्त्र मला मान्य आहे, पण त्यावरून काढलेला निष्कर्ष मान्य नाही. नाल्याच्या मुखावर जाळी बसवून उद्याचा कचरा अडेल. गेल्या सत्तर वर्षांत जो समुद्रात गेला आणि तांदळाच्या कणीपेक्षा बारीक झाला, त्याचे काय करायचे? तो कोणत्याही जाळीने गोळा होणार नाही, आणि तशी जाळी ओढलीच तर तिच्यात प्लवकांचाही (पाण्यात तरंगणाऱ्या सूक्ष्म जीवांचाही) नाश होईल. या कणांपर्यंत पोहोचू शकणारे जीव फक्त सूक्ष्मजीव आहेत.

पॉलिएथिलीनला पकडायला सांधा नसतो हे खरे, पण सूर्यप्रकाशातील अतिनील किरण तो तयार करून देतात. नेदरलँड्सच्या सागरी संशोधन संस्थेने याबाबत अतिशय काटेकोर काम केले आहे. त्यांनी जड कार्बनची (नेहमीपेक्षा किंचित जड, म्हणून ओळखता येणाऱ्या कार्बन अणूंची) खूण असलेले पॉलिएथिलीन बनवले, त्यावर अतिनील किरण सोडले आणि नंतर तो खुणेचा कार्बन कार्बन डायऑक्साइडच्या रूपात बाहेर पडतो का, हे मोजले. २०२३ मध्ये त्यांनी 'ऱ्होडोकॉकस रुबर' या जिवाणूबाबत वर्षाला सुमारे एक टक्का असा वेग सांगितला. २०२४ मध्ये उत्तर पॅसिफिकमधील कचऱ्यावर सापडलेल्या 'पॅरेन्गिओडोन्शियम आल्बम' या बुरशीबाबत हा वेग दिवसाला सुमारे ०.०५ टक्के निघाला. ही संख्या क्षुल्लक वाटते. पण हाच वेग टिकला तर चार वर्षांच्या आत निम्मे पॉलिएथिलीन संपते. पूर्वी अनेक प्रयोगांत केवळ वजन घटल्यावरून विघटनाचा दावा केला जाई, आणि ती घट प्लॅस्टिकमधली इतर रसायने झिरपल्यामुळेही झालेली असू शकते. कार्बनचा माग काढणाऱ्या या प्रयोगांनी ती शंका दूर केली.

शिवाय ज्या फ्रेंच टाकीचे आपण कौतुक केले, तिच्यातले मूळ विकर आले कोठून? ते ओसाकातील पालापाचोळ्याच्या खतात सापडले होते. निसर्गात शोध घेणे थांबवले, तर कारखान्यालाही नवे विकर मिळणार नाही.

सागरगोटा :

शोध थांबवा असे मी म्हटलेले नाही. त्याच्या नावाने दिले जाणारे आश्वासन थांबवा, एवढेच म्हणत आहे. आपण सांगितलेला चार वर्षांचा हिशेब प्रयोगशाळेत अतिनील किरणांनी आधीच जर्जर केलेल्या पॉलिएथिलीनचा आहे. समुद्रात प्लॅस्टिकच्या तुकड्यावर शेवाळ आणि जिवाणूंचा थर चढतो, तुकडा जड होतो आणि खाली जातो. तिथे प्रकाश नाही, तापमान दोन-चार अंश आहे आणि जीवांना लागणाऱ्या नत्र-स्फुरदाची टंचाई पृष्ठभागावरही असतेच. उत्तर पॅसिफिकच्या प्रसिद्ध कचरापट्ट्यात तरंगणाऱ्या प्लॅस्टिकचा २०१८ चा अंदाज सुमारे ७९ हजार टनांचा होता, तर एकट्या २०१० मध्ये किनारी देशांतून समुद्रात गेलेल्या प्लॅस्टिकचा अंदाज ४८ लाख ते १२७ लाख टन आहे. म्हणजे तरंगणारा हिस्सा नगण्य आहे आणि बाकीचे जिथे गेले, तिथे आपल्या बुरशीची मुख्य अट, म्हणजे सूर्यप्रकाश, पूर्ण होत नाही.

मेक्सिकोच्या आखातात २०१० मधील तेलगळतीनंतर जिवाणूंनी तेल खाल्ले, हा दाखलाही अशा चर्चेत नेहमी दिला जातो, म्हणून त्याचे उत्तर आताच देतो. समुद्रतळातून तेल लाखो वर्षे झिरपत आले आहे, त्यामुळे ते पचवणारे जिवाणू तिथे आधीपासूनच होते. तेलाचे लहान रेणू पेशीत शिरू शकतात. प्लॅस्टिकची साखळी पेशीबाहेरच, तीही केवळ पृष्ठभागावर, तोडावी लागते. दोन्ही कामांना विघटन म्हणत असले, तरी त्यांच्या वेगांची तुलना होऊ शकत नाही.

रापण :

मला वेगळ्याच गोष्टीची काळजी वाटते. मासेमारीत आज सुती जाळे उरलेले नाही. जाळी नायलॉनची आणि पॉलिएथिलीनची, दोर पॉलिप्रोपिलीनचे, बोये प्लॅस्टिकचे. समुद्राखालून जाणाऱ्या दळणवळणाच्या केबलींना पॉलिएथिलीनचे आवरण असते. आज निसर्गातले जीव मंद आहेत म्हणून कोणी जनुकीय बदल करून वेगवान जीव घडवला आणि तो खुल्या समुद्रात सोडला, तर त्याला टाकाऊ दोर आणि बोटीवरचा दोर यांतला फरक कोण शिकवणार? सोडलेला सूक्ष्मजीव परत गोळा करता येत नाही, आणि नुकसान झाले तर भरपाई मागायला कोळ्यांनी कोणाकडे जावे?

भारतीय वंशाचे अमेरिकी शास्त्रज्ञ आनंद चक्रवर्ती यांनी तेलातले घटक पचवणारा 'स्यूडोमोनास' जिवाणू घडवला होता. त्याच्या पेटंटला अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९८० मध्ये पाच विरुद्ध चार मतांनी मान्यता दिली, पण समुद्रातील तेलगळतीवर तो कधीही सोडला गेला नाही. आपल्याकडेही असे जीव हाताळण्यासाठी १९८९ पासून स्वतंत्र नियम आहेत. ते कितीही अडचणीचे वाटले तरी सैल होऊ नयेत, असे मला मनापासून वाटते.

तिवर :

रापण, खुल्या समुद्रात बदललेला जीव सोडण्यास माझाही ठाम विरोध आहे. मात्र आपली आणि सागरगोटा यांची हरकत एकत्र ठेवून पाहावी. आज समुद्रात असलेले जीव प्लॅस्टिक संपवण्यास फार मंद आहेत हे खरे असेल, तर तेच जीव आपले जाळे कुरतडतील ही भीती टिकत नाही. आणि आपली भीती ज्या जीवांबद्दल आहे ते अजून अस्तित्वात नाहीत. त्यांच्या भीतीपोटी, जे आधीच तिथे आहेत त्यांचा अभ्यास मागे पडू नये. स्वीडनमधील संशोधकांनी २०२१ मध्ये जगभरातील समुद्र आणि जमिनीच्या नमुन्यांतील जनुकीय माहिती चाळली, तेव्हा प्लॅस्टिक तोडू शकतील अशा विकरांशी साम्य असलेली सुमारे ३० हजार विकरे त्यांना दिसली. यातली बहुतेक कोणीही प्रत्यक्ष तपासलेली नाहीत.

नीलमोहर :

माझा विरोध तिवर यांच्या विज्ञानाला नाही, त्या विज्ञानाचा जो उपयोग करून घेतला जातो त्याला आहे. २०१५ पर्यंत जगात सुमारे ६३० कोटी टन प्लॅस्टिक कचरा झाला होता आणि त्यातला फक्त ९ टक्के पुनर्प्रक्रियेला गेला. मार्च २०२२ मध्ये नैरोबीत राष्ट्रांनी प्लॅस्टिक प्रदूषणावर बंधनकारक करार करण्याचे ठरवले, पण उत्पादनावरच मर्यादा घालायची की केवळ कचऱ्याची व्यवस्था लावायची, या वादात ऑगस्ट २०२५ ची जिनिव्हा येथील फेरीही कराराविना संपली. अशा वेळी "पुढे जिवाणू आहेतच" हे वाक्य उत्पादन वाढवणाऱ्यांच्या फार सोयीचे ठरते. आणि जिवाणूंनी पॉलिएथिलीन पूर्णपणे पचवले, तरी त्यातला खनिज कार्बन शेवटी कार्बन डायऑक्साइड होऊनच बाहेर पडतो, हेही विसरून चालणार नाही. तो व्यवहार कदाचित पत्करण्याजोगा असेल, पण फुकटचा नक्कीच नाही.

तिवर :

हे मान्य करूनही एक प्रश्न उरतो आणि तो आपल्याच समुद्राचा आहे. अरबी समुद्रात पृष्ठभागाचे पाणी वर्षातला बराच काळ २८ अंशांच्या आसपास असते, पण साधारण दीडशे मीटरपासून हजार मीटरपर्यंत प्राणवायू जवळजवळ नसतो. उबदार, भरपूर ऊन असलेला वरचा थर आणि त्याखाली प्राणवायूचा दुष्काळ, अशा ठिकाणी प्लॅस्टिकचे काय होते हे उत्तर पॅसिफिकच्या आकड्यांवरून सांगता येणार नाही. गोव्यात दोना पावला येथे राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था आहे, पुण्यात बहुवारिकांवर (पॉलिमर, म्हणजे प्लॅस्टिकसारख्या लांब साखळीच्या रेणूंवर) काम करणारी राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळा आहे. खुणेच्या कार्बनचा प्रयोग इथल्या पाण्यात आणि इथल्या जीवांवर दीर्घकाळ व्हावा, एवढीच माझी मागणी आहे.

सागरगोटा :

या मागणीला माझा पूर्ण पाठिंबा आहे. अट एकच : त्याचा निधी संशोधनाच्या खात्यातून यावा, किनारा स्वच्छतेच्या तरतुदीतून वळवला जाऊ नये.

रापण :

आणि ती तरतूद कशावर खर्च व्हावी, हेही सांगतो. मुंबईच्या आसपास डोल जाळ्यात (समुद्रात खुंटांना बांधून ठेवलेल्या पिशवीसारख्या जाळ्यात) मासळीबरोबर प्लॅस्टिक येते आणि ते निवडण्यात बायकांचे तास जातात. निवडलेले प्लॅस्टिक बंदरात उतरवून घ्यायला कोणी नसेल, तर ते पुन्हा पाण्यात पडते. केरळमध्ये कोल्लमजवळच्या नीण्डकरा बंदरात २०१७ पासून मच्छीमारांनी जाळ्यात आलेले प्लॅस्टिक किनाऱ्यावर आणायला सुरुवात केली. ते धुऊन, तुकडे करून रस्त्यांच्या डांबरात वापरले गेले आणि त्या कामातून स्थानिक बायकांना मजुरी मिळाली. ससून डॉकपासून मालवणपर्यंत प्रत्येक बंदरावर अशी उतरवून घेण्याची जागा आणि वजनावर रोख पैसे, या दोन गोष्टी झाल्या तर पहिल्याच हंगामात किती प्लॅस्टिक वर येते याचा लेखी हिशेब मिळेल. तिवर यांच्या प्रयोगासाठी लागणारे नमुनेही त्याच ढिगातून घेता येतील.