कट उधळला, पण खटला पंचाच्या सहीवर उभा आहे

दिग्रसकर

परवा बापूंना कोर्टाचं समन्स आलं. नऊ वर्षांपूर्वी गावाबाहेरच्या एका शेडात जिलेटीनच्या कांड्या सापडल्या होत्या. पोलिसांनी बापूंना पानठेल्यावरून उठवून पंच म्हणून नेलं होतं. विहीर फोडायच्या कांड्या आपल्याकडे कुणाला नवीन नाहीत, पण या विनापरवाना होत्या. आता बापू ७१ वर्षांचे झालेत. मी विचारलं, पुडक्याला लाखेचं सील तुमच्यासमोर लावलं का? बराच वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "सही माहीच हाय. पुडकं आधीच बांधलेलं होतं. अन् एका कोऱ्या कागदावरबी सही घेतली."

त्या रात्री मला झोप लागली नाही. गावात आठवडाभर एकच वाद चाललाय: अतिरेक्यांचा कट उधळला, माणसं हाती लागली की मग वर्षानुवर्षं कोर्टबाजी कशाला? मला उलटं वाटतं. स्फोट झाला तर जखमी असतात, पाहणारे असतात, जागा बोलते. कट आधीच उधळला तर न्यायाधीशापुढं येतो तो मुद्देमाल, फोनची नोंद आणि पंचनामा. तिथं बापूंसारखी सही असेल तर खरा गुन्हेगारसुद्धा सुटेल.

आठवा, मे २००६. एटीएसनं, म्हणजे दहशतवादविरोधी पथकानं, चांदवड-मनमाड रस्त्यावर गाडीचा पाठलाग केला. ३० किलो आरडीएक्स, १० एके-४७, ३,२०० काडतुसं. एकही बळी जायच्या आत माल पकडला. निकाल लागला जुलै २०१६ मध्ये. मोक्का, म्हणजे संघटित गुन्हेगारीविरुद्धचा राज्याचा कायदा, टिकला नाही, पण बारा जण दोषी ठरले आणि २६/११ च्या हल्ल्यातला आरोपी अबू जुंदालसह सात जणांना जन्मठेप झाली. मोक्का गेल्यावरही शिक्षा लागली, कारण शस्त्रं आणि आरडीएक्स कोर्टात सिद्ध झालं.

माजी हवालदार, दारव्हा

मास्तर, तुमच्या बापूंबद्दल आदर आहे. पण मी ३१ वर्षं नोकरी केली, एक गोष्ट ऐकून घ्या. रात्री अडीच वाजता छापा घालायचा तर पंच कुठून आणायचा? दार वाजवलं की लोक आतून कडी लावतात. "साहेब, उद्या निंदणाला माणसं लावली आहेत, मले कोर्टात नका गुंतवू." जो येतो तो उपकार केल्यासारखा येतो. मग तोच तोच माणूस दहा केसमध्ये पंच होतो आणि वकील विचारतो, तुम्ही पोलिसांचे ठरलेले पंच का?

आणि १ जून २००६ विसरू नका. नागपुरात संघ मुख्यालयावर तिघे चालून गेले, पहाटे पोलिसांनी तिघांनाही टिपलं. त्या दिवशी कुणी पंच शोधत बसलं असतं तर?

दिग्रसकर

दादा, तो चालू हल्ल्याचा प्रसंग होता. समोरून गोळी येत असताना पंचनामा कुणीच मागत नाही. मी बोलतोय पकडलेल्या माणसाबद्दल, ज्याच्या हातात बेडी पडली आहे. तिथं दहा मिनिटं थांबून पुडकं पंचासमोर बांधायला काय हरकत?

मेळघाटवाला

मला हा सगळा युक्तिवाद पटत नाही. तुम्ही कागदाला देशापेक्षा मोठं करून राहिले. कट लवकर फोडायचा म्हणजे पुरावा कमी असणारच! सगळं साहित्य जमेपर्यंत पोलिसांनी वाट पाहिली आणि एखादी एसटी उडाली तर तुम्हीच विचाराल, झोपले होते का? म्हणून तर यूएपीए या दहशतवादविरोधी कायद्यात जामीन अवघड ठेवलाय. आरोपपत्राला १८० दिवसांपर्यंत मुदत मिळते, तीही त्यासाठीच. माझ्या बहिणीची पोरं रोज एसटीनं परतवाड्याला शाळेत जातात. मला आधी ती घरी यायला हवी आहेत.

वकील, उमरखेड

मेळघाटवाले, तुमची भीती खरी आहे आणि कायद्यानं ती ओळखलेली आहे. यूएपीएचं कलम १८ बघा: नुसता कट किंवा तयारीसुद्धा गुन्हा आहे, किमान पाच वर्षं, जास्तीत जास्त जन्मठेप. म्हणजे स्फोट होईपर्यंत थांबायची गरजच नाही. पण जिथं कृत्य घडलेलं नाही, तिथं हेतू सिद्ध करावा लागतो, आणि तो कोर्ट फार बारकाईनं तपासतं. पोलिसांपुढचा कबुलीजबाब यूएपीएत चालत नाही. मोक्कात एसपी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढचा चालतो, म्हणून तपास यंत्रणा मोक्काकडे धावतात. मोक्का निघाला की कबुलीजबाबाचा तो आधार राहत नाही.

माओवाद्यांशी संबंधाचा आरोप असलेले प्राध्यापक साईबाबा यांच्या प्रकरणात गडचिरोलीच्या कोर्टानं २०१७ मध्ये जन्मठेप दिली. २०२२ मध्ये नागपूर खंडपीठानं खटला चालवायला लागणाऱ्या सरकारी मंजुरीच्या मुद्द्यावर ती रद्द केली. सुप्रीम कोर्टानं तो निकाल बाजूला ठेवून पुन्हा ऐकायला सांगितलं, आणि ५ मार्च २०२४ ला खंडपीठानं सर्वांना परत सोडलं. तुम्ही त्यांना दोषी माना की निर्दोष, एवढी वर्षं सरकारी यंत्रणेनं काय कमावलं? जप्तीच्या वेळी निरक्षर पंच घेतला, यावरही कोर्टानं बोट ठेवलं.

पुसदची शिक्षिका

आमच्या गावचं सांगते, कारण याबद्दल बाहेर फार बोललं जात नाही. २५ सप्टेंबर २०१५, बकरी ईद. मशिदीसमोर बंदोबस्तावरच्या पोलिसांवर चाकूनं हल्ला झाला, पोलीस जखमी झाले. ते खरंच झालं, मी नाकारत नाही. पण तिघांवर यूएपीए लागला, तरुणांना अतिरेकी संघटनेकडे नेण्याचा कट म्हणून. मे २०१९ मध्ये अकोल्याच्या विशेष न्यायालयानं दहशतवादाच्या आरोपातून तिघांनाही सोडलं. नुसता 'जिहाद' शब्द वापरला म्हणून कुणी अतिरेकी ठरत नाही, असं न्यायाधीशांनी लिहिलं. एकाला पोलिसांना जखमी केल्याबद्दल तीन वर्षं झाली, आणि तेवढी तो आधीच आत काढून बसला होता. बाकी दोघांना त्या वर्षांबद्दल कोण काय देणार? त्या मोहल्ल्यातल्या पोरी माझ्या वर्गात होत्या. ईदच्या सुट्टीनंतर काही दिवस त्या डबा उघडायच्या नाहीत, एकमेकींना चिकटून बसायच्या.

मेळघाटवाला

ताई, त्या पोरींचं वाईट वाटलं, मनापासून. तरी विचारतो: त्या दिवशी जखमी झालेल्या पोलिसांच्या घरी डबा कुणी उघडला?

पुसदची शिक्षिका

कुणी नसेल उघडला. म्हणूनच चाकू मारणाऱ्याला शिक्षा झाली याचं मला समाधान आहे. पण एक गुन्हा सिद्ध होत होता, त्याला दुसरा न टिकणारा जोडला, आणि त्यामुळे पोलिसांवर झालेला हल्लासुद्धा झाकोळला गेला. दोन्ही बाजूंना न्याय अर्धाच मिळाला.

माजी हवालदार, दारव्हा

ताई, हे मान्य करावं लागतंय. कलमं वाढवून लावायची सवय आमच्यात आहे, वरून दबाव असतो. एक चांगलं झालं: १ जुलै २०२४ पासून नव्या कायद्यात झडती-जप्तीचं चित्रीकरण करावंच लागतं, पंचाची सही घेतानासुद्धा. माझ्या वेळी हे असतं तर मी चार आरोपी सुटताना पाहिले नसते. पण धारणीच्या पलीकडे फोनला रेंज नसते, तिथं शिपाई काय करणार?

वकील, उमरखेड

चित्रीकरणाला रेंज लागत नाही, फोन चार्ज असला म्हणजे झालं. ते पुढं न्यायदंडाधिकाऱ्याकडे विनाविलंब पाठवायचं आहे, अडचण तिथं येते.

दिग्रसकर

मेळघाटवाले, तुमच्या भाच्यांची काळजी मलाही आहे. म्हणूनच तर बोलतोय. खरा कटवाला सुटून परत आला तर ती एसटी पुन्हा धोक्यात येते.

बापूंची तारीख गुरुवारी आहे. आपण खोटं बोलणार नाही, कोऱ्या कागदाचंही सांगणार, असं त्यांनी ठरवलंय. गावातले दोघे-तिघे काल घरी येऊन म्हणाले, बापू, कशाला पोलिसांच्या विरोधात जाता. हवालदार दादा, तुम्ही दारव्ह्याहून यवतमाळला येऊ शकाल का? तुम्ही शेजारी बसलात तर त्यांना धीर येईल.

माजी हवालदार, दारव्हा

येतो. साडेदहाच्या आत गेटवर थांबा. आधार कार्ड अन् समन्स सोबत ठेवा, आणि कोर्टातून भत्त्याची पावती घ्यायची विसरू नका.