मदत हवी आहे: पावसाळा लागला तरी टसरचे कोश उघडत नाहीत

यावल तालुक्यात बांधावरच्या बोरीवरून जानेवारीत टसर पतंगाचे (जंगली रेशमाचा पतंग) 9 कोश उतरवले. कोशाच्या देठाचं कडं फांदीला घट्ट आवळलेलं असतं, ओढलं तर देठ तुटतो, म्हणून फांदीसकटच कापले. जाळीच्या पेटीत, सावलीत टांगलेत.

पाऊस सुरू होऊन तीन आठवडे झाले. दोनच उघडले, दोन्ही नर: तांबूस, चारही पंखांवर पारदर्शक डोळे, मिशा रुंद पिसांसारख्या. प्रौढ पतंग काही खात नाही, जेमतेम आठवडाभर जगतो. मादी वेळेत निघाली नाही तर जोडी जुळणारच नाही.

उरलेल्या सातांपैकी पाच हातात जड लागतात, म्हणजे आतले जीव जिवंत असावेत. दोन हलके, खुळखुळतात. त्यातल्या एकाला बारीक गोल भोक आहे. पतंग निघाला असता तर देठाकडचं टोक ओलं होऊन धागे विस्कटले असते, तसं नाही. हे उझी माशीचं (रेशीमकिड्यांवर वाढणारी परजीवी माशी) काम की परजीवी गांधीलमाशीचं?

दुसरं, मे महिन्यातल्या आपल्याकडच्या कोरड्या उन्हाने सुप्तावस्था लांबते का? जड कोशांवर रोज संध्याकाळी पाणी शिंपडावं, की ओल्या गोणपाटाने नुसती हवा दमट ठेवावी? बुरशीची भीती वाटते. कोश कापून बघायचा नाही.